टाळेबंदीस, राहून गेलेल्या भेटींबद्दल

टाळेबंदी,

तू येऊन गेलीस त्याला आता काही वर्षं झाली. तुझा विषय निघाला की हल्ली आमच्या बोलण्यात सैलपणा येतो. घरी केलेले केक, दूरदर्शनवर पुन्हा लागलेलं ‘रामायण’, नवऱ्याचे बायकोनं कापलेले वेडेवाकडे केस, गच्चीत रंगलेले पत्त्यांचे डाव असेच किस्से आधी निघतात. ते खरे आहेत आणि सांगणाऱ्यांनी ते जरूर सांगावेत. पण तुझ्याबद्दल मागे एवढंच उरलं तर फार मोठी गोष्ट नजरेआड होईल. तू आमच्याकडून काय काय घेतलंस याची यादी लांब आहे. त्यातलं बरंचसं परत मिळालं, एक गोष्ट मात्र अजून पुरती मिळालेली नाही. तिच्याबद्दल तुला, आणि तुझ्या निमित्तानं माझ्या माणसांना, हे पत्र लिहिते आहे.

आधी तुझी बाजू सांगते, कारण ती न सांगणं अन्यायाचं होईल. ९ मार्च २०२० ला पुण्यात, दुबईहून परतलेल्या एका दाम्पत्याला कोरोनाची लागण झाल्याचं कळलं. राज्यातले ते पहिले रुग्ण. आठवडाभरात परदेशाहून आलेल्यांच्या डाव्या हातावर घरातच राहण्याचे शिक्के बसू लागले. १७ मार्चला मुंबईत, कस्तुरबा रुग्णालयात राज्यातला पहिला मृत्यू झाला. रोग नवा होता, त्यावर औषध नव्हतं, लस तर दूरच. खोकला-ताप काही नसलेल्या माणसाकडूनही तो पसरत होता. खाटा, व्हेंटिलेटर, डॉक्टर-नर्सच्या अंगावर चढवायचे किट, सगळ्याचीच टंचाई होती. अशा वेळी माणसाला माणसापासून लांब ठेवणं एवढाच उपाय हाताशी होता. तू नसतीस तर त्या महिन्यांत किती घरं उजाड झाली असती, याचा विचारही करवत नाही. म्हणून तू येऊच नये होतीस असं मी म्हणणार नाही.

पण तू आलीस ती कशी, तेही सांगायला हवं. २२ मार्चचा रविवार जनता कर्फ्यूचा. संध्याकाळी पाचला गॅलऱ्यांतून थाळ्या वाजल्या आणि त्याच रात्री मुंबईची लोकल थांबली. रोज पंचाहत्तर लाखांहून जास्त माणसं वाहून नेणारी गाडी. २३ तारखेला राज्यभर संचारबंदी लागली आणि जिल्ह्यांच्या सीमा बंद झाल्या. २४ च्या रात्री आठला पंतप्रधानांनी एकवीस दिवसांची घोषणा केली आणि बाराला तू देशभर लागू झालीस. मधल्या चार तासांत जो जिथे होता तो तिथेच राहिला. लेकीच्या बाळंतपणाला आलेली आई लेकीकडे, नोकरीच्या मुलाखतीला आलेला पोरगा मित्राच्या खोलीवर, दोन दिवसांसाठी गावी गेलेली माणसं गावी.

दुसऱ्या दिवशी गुढीपाडवा होता.

मी डोंबिवलीत राहते. आमच्या गावाला पाडवा म्हणजे फडके रोडवरची शोभायात्रा, नऊवारी, ढोल आणि गणपतीच्या देवळासमोरची गर्दी. त्या वर्षी फडके रोडवर चिटपाखरू नव्हतं. फुलवाला आला नाही, गाठी मिळाल्या नाहीत. आमच्या इमारतीच्या आवारातल्या कडुलिंबाचे डहाळे वॉचमननं तोडले आणि प्रत्येक मजल्यावर, दाराबाहेर एकेक ठेवून तो खाली गेला. गुढ्या उभ्या राहिल्या, पण कुणी कुणाच्या दारात गेलं नाही. श्रीखंडाच्या वाट्या या घरातून त्या घरात गेल्या नाहीत.

मग तुझे दिवस सुरू झाले. दुधाच्या पिशव्या साबणानं धुतल्या जायच्या आणि भाजी मिठाच्या पाण्यात घालून ठेवायची. वर्तमानपत्र यायचं बंद झालं. किराणा दुकानाबाहेर चुन्यानं गोल आखले गेले आणि त्या गोलांत आम्ही पिशव्या धरून उभे राहिलो, पुढचा माणूस ओळखीचा असला तरी नजर चुकवत. आंबेवाल्यांची देवगड-रत्नागिरीची पेटी बाजारात न जाता थेट सोसायटीच्या फाटकाशी येऊ लागली. दर उन्हाळ्यात चारचौघी मिळून गच्चीत कुरडया घालायच्या. एकीनं चीक ढवळायचा, दुसरीनं सोऱ्या फिरवायचा, पोरांनी कावळे हाकायचे. त्या वर्षी प्रत्येकीनं आपापल्या गॅलरीत, ताटाएवढ्या कागदावर कुरडया घातल्या. काम तेच होतं. त्यात बोलणं नव्हतं, आणि बोलण्यासाठीच तर ते काम एकत्र केलं जायचं, हे तेव्हा लख्ख कळलं.

तू सगळ्यांना घरात बसवलंस, पण सगळ्यांची घरं सारखी नव्हती. धारावीत पहिला रुग्ण सापडला तो १ एप्रिलला. जिथे दहा बाय दहाच्या खोलीत सात-आठ माणसं पाळीपाळीनं झोपतात आणि संडास साऱ्या गल्लीला मिळून एक, तिथे ‘घरात वेगळ्या खोलीत राहा’ या सूचनेचं करायचं काय? घरकाम करणाऱ्या बायकांना इमारतींच्या फाटकातून आत घेणं बंद झालं. कुणी पगार पोचवला, कुणी नाही. ज्या बाईचा नवरा हात उगारणारा, तिच्यासाठी तू चोवीस तासांची कोठडी होतीस. दहावीच्या पोरांचा भूगोलाचा पेपर राहिला तो राहिलाच. सरकारची शिवभोजन थाळी दहाची पाच रुपयांना झाली आणि तिच्यासाठी, आजवर कधी कुणापुढे हात न पसरलेली माणसं रांगेत उभी राहिली.

आणि जे आपल्या घरात नव्हतेच, त्यांचं काय झालं? मराठवाड्यातल्या करमाडजवळ ८ मेच्या पहाटे काय घडलं ते आमच्या राज्यानं विसरू नये. जालन्याच्या पोलाद कारखान्यात काम करणारी मध्य प्रदेशातली माणसं. काम बंद, पैसा संपलेला. भुसावळहून आपल्याकडची गाडी मिळेल या आशेनं ती रुळांच्या कडेनं चालत निघाली. रात्रभर चालून थकली आणि गाड्या तर बंदच आहेत या समजुतीनं रुळांवरच आडवी झाली. मालगाडी आली. सोळा जण गेले. वाटेसाठी बांधून घेतलेल्या भाकऱ्या रुळांमध्ये पडलेल्या साऱ्या देशानं पाहिल्या. त्या माणसांना मदत हवी होती हे तर खरंच, पण त्याआधी त्यांना आपल्या माणसांत जाऊन पोचायचं होतं. संकटात माणूस आपल्या माणसांकडे निघतो. तू नेमकी तीच वाट बंद केली होतीस.

आता मी ज्या गोष्टीसाठी हे पत्र लिहायला घेतलं, तिच्याकडे येते.

एप्रिलमध्ये आमच्या मजल्यावरच्या वहिनींचे वडील वाईजवळच्या त्यांच्या गावी वारले. कोरोनानं नव्हे, म्हातारपणानं. दुपारी फोन आला. जिल्ह्याची सीमा ओलांडायला परवानगी हवी. तिच्यासाठी धावाधाव झाली, पण ती हातात पडेपर्यंत थांबणं गावाला शक्य नव्हतं. अंत्ययात्रेला वीसच माणसं, असा नियम. संध्याकाळी वहिनींच्या चुलतभावानं मोबाईल हातात धरला आणि त्या चौकोनात वहिनींनी वडिलांना शेवटचं पाहिलं. नदीकाठी रेंज कमी. चित्र मध्येच थांबायचं, आवाज तुटायचा. अग्नी दिला तेव्हा पडद्यावर नुसतंच गोल फिरणारं चिन्ह होतं. वहिनी फोनला म्हणत राहिल्या, “अरे, दिसत नाहीये रे, दिसत नाहीये.”

दार उघडंच होतं. आम्ही चार घरची माणसं आपापल्या उंबऱ्यात उभी होतो. एरवी अशा वेळी पहिल्या पाच मिनिटांत त्यांच्या घरात पाय ठेवायला जागा राहिली नसती. कुणी त्यांना धरून बसलं असतं, कुणी चहा टाकला असता, कुणी पोरांना आपल्याकडे नेलं असतं. समोरच्या काकूंनी पिठलं-भात केला. डबा वहिनींच्या दाराबाहेरच्या स्टुलावर ठेवला, बेल दाबली, आणि मागे येऊन आपल्या दारात उभ्या राहिल्या. सुतकाच्या घरी पहिला घास शेजारून जातो, ही रीत त्यांनी मोडू दिली नाही. वहिनी बाहेर आल्या, डबा उचलला, आणि दोघी सहा-सात फुटांवरून एकमेकींकडे बघत रडल्या. मध्ये काही नव्हतं. नुसती फरशी होती, आणि ती ओलांडायची परवानगी नव्हती.

वहिनी माहेरी पोचल्या त्या गणपतीत, जिल्ह्याबाहेर जाणाऱ्या एसट्या २० ऑगस्टला सुरू झाल्यावर. तोवर दहावा झाला होता, तेरावा झाला होता, वडिलांचे कपडे वाटून झाले होते. गावासाठी ते दुःख चार महिन्यांचं जुनं होतं. वहिनींसाठी तो पहिला दिवस होता. त्यांच्याबरोबर नव्यानं रडायला आता कुणी मोकळं नव्हतं.

अशी घरं किती असतील! ज्यांचा माणूस कोरोनानं गेला त्यांना तर एवढंही मिळालं नाही. रुग्णवाहिकेत चढताना हात हलवला, तीच शेवटची भेट. पुढे वॉर्डातून एखाद्या भल्या नर्सनं फोन लावून दिला तर आवाज ऐकायला मिळाला. प्लास्टिकमध्ये गुंडाळलेला देह पालिकेचे कर्मचारी घेऊन गेले. त्या कर्मचाऱ्यांचे उपकार आम्ही पुरते मानलेही नाहीत. परक्या माणसांना त्यांनी घरच्यांच्या जागी उभं राहून निरोप दिला. अमेरिकेत, आखातात असलेली मुलं विमानं बंद म्हणून तिथेच अडकली आणि इथे आईबाप दुसऱ्याच्या हातून गेले.

आमच्याकडे माणूस गेला की भेटायला जातात. त्याला आमंत्रण लागत नाही, फोन करून वेळ ठरवावी लागत नाही. फार बोलावंही लागत नाही. जायचं, बसायचं, “कसं झालं?” एवढं विचारायचं. मग घरचं माणूस सांगतं. सकाळी चहा घेतला होता, मग म्हणाले जरा पडतो... तीच हकीकत दहाव्या माणसाला दहाव्यांदा सांगताना त्या घराला ती हळूहळू खरी वाटू लागते. दुःख पचवायची ही आमच्या पूर्वजांनी घालून दिलेली तऱ्हा आहे, आणि ती ऐकणाऱ्यांशिवाय चालत नाही. तू ते ऐकणारे नेलेस. हजारो घरांत ती हकीकत एकदाही पूर्ण सांगितली गेली नाही.

रोगाची भीती आम्हाला पहिल्यांदा कळली असं नाही. तू ज्या कायद्याच्या आधारानं राज्यात अंमल सुरू केलास तो साथरोगांचा कायदा १८९७ चा, मुंबईत प्लेग माजला तेव्हाचा, जेमतेम चार कलमांचा. त्याच प्लेगात पुण्यात घराघरांत सोल्जर घुसले, माणसं ओढून नेली, आणि लोक घाबरून आजार लपवू लागले. त्याच साली सावित्रीबाई फुले मुलगा यशवंत याच्याबरोबर हडपसरजवळ आजाऱ्यांची सेवा करत होत्या. मुंढव्याच्या एका आजारी मुलाला त्यांनी पाठीवर घेऊन दवाखान्यात आणलं. १० मार्च १८९७ ला प्लेगनंच त्या गेल्या. राज्यातले पहिले रुग्ण सापडल्याच्या दुसऱ्याच दिवशी त्यांचा स्मृतिदिन होता. भीतीच्या काळातही कुणीतरी जवळ जातं, हा आमच्या मातीतला जुना धडा आहे.

तुझ्या काळातही तो गिरवला गेला. राज्यातल्या सुमारे सत्तर हजार आशाताई दारोदार फिरत होत्या, कोण मुंबई-पुण्याहून आलं, कुणाला ताप आहे ते वहीत टिपत होत्या, तुटपुंज्या मानधनावर, सुरुवातीला तर तोंडाला रुमाल बांधून. कोकणात चाकरमानी गावी परतले, त्यांना चौदा दिवस शाळेत ठेवलं. गावातली माणसं शाळेच्या पायरीवर जेवणाची ताटं ठेवून लांबून हाका मारायची. आशाताई दारात उभी राहायची तेव्हा तिला वहीत लिहिण्यापलीकडचं दिसायचं. या घरात चूल पेटलेली नाही, त्या म्हातारीच्या गोळ्या संपल्यात, ही सून बोलताना मागे बघते आहे. दारात गेल्याशिवाय हे दिसत नाही. माणूस फोनवर “बरं आहे” म्हणतो, आणि आपण ते खरं धरतो.

मग तू हळूहळू गेलीस. आम्ही ‘मिशन बिगिन अगेन’ म्हटलं. जूनमध्ये सकाळचं फिरणं सुरू झालं, मग रस्त्याच्या एका बाजूची दुकानं आज आणि दुसऱ्या बाजूची उद्या. २८ जूनला केशकर्तनालयं उघडली. सप्टेंबरमध्ये जिल्ह्याची सीमा ओलांडायला लागणारा ई-पास गेला. दिवाळीच्या पाडव्याला, १६ नोव्हेंबरला देवळं उघडली. १ फेब्रुवारी २०२१ ला लोकल ठरावीक वेळांत सगळ्यांना मिळाली. मग दुसरी लाट आली, तीही आम्ही सोसली. त्या ऑक्टोबरात शाळा उघडल्या, नाट्यगृहांचे पडदे वर गेले. आणि २ एप्रिल २०२२ च्या गुढीपाडव्याला राज्यानं उरलेले सगळे निर्बंध उठवले.

प्रत्येक गोष्टीसाठी एक आदेश निघाला. दुकान कधी, जिम कधी, लग्नाला किती माणसं. ‘आता एकमेकांकडे जा’ असा आदेश मात्र कधी निघाला नाही. निघणार तरी कसा? तो सरकारनं काढायचा विषयच नव्हे. पण म्हणूनच ती एक गोष्ट बंद ती बंदच राहिली. गर्दी परत आली, बाजार परत आला, लग्नांतला थाट तर दुप्पट होऊन आला. न सांगता कुणाच्या घरी जाऊन बसणं तेवढं परत आलं नाही. शहरातल्या धावपळीत ते आधीपासूनच कमी होत चाललं होतं. तू येऊन त्यावर शिक्कामोर्तब केलंस. आता कुणी गेल्याचा निरोप ग्रुपवर येतो, खाली हात जोडलेल्या चित्रांची रांग लागते, ‘भावपूर्ण श्रद्धांजली’ लिहून होतं आणि दुपारपर्यंत त्याच ग्रुपवर दुसरा विषय सुरू होतो. “त्यांना उगाच त्रास नको” असं म्हणून आपण जात नाही. त्या घरात मात्र दाराकडे कान लागलेले असतात.

मोबाईलला मी दोष देत नाही. तो नसता तर वहिनींना वडिलांचं तेवढंही दर्शन झालं नसतं. सातासमुद्रापलीकडच्या लेकरांना आजही त्याचाच आधार आहे. पण अडचणीच्या काळात ज्यानं निभावलं, तेच अडचण सरल्यावरही पुरेसं मानायचं का? चार जिने चढून जाता येत असताना चार शब्द टंकून भागवायचं का? तू होतीस तेव्हा आमच्याकडे कारण होतं. आता जे दार बंद आहे ते आमच्याच बाजूनं बंद आहे.

आणि राहून गेलेल्या भेटी अजूनही होऊ शकतात. दुखवट्याला मुदत नसते. २०२० आणि २१ मध्ये ज्यांचं माणूस गेलं, अशी दोन-तीन घरं आपल्या प्रत्येकाच्या ओळखीत आहेत. त्यांच्याकडे जावं. वर्षं लोटली म्हणून संकोच करू नये. “तेव्हा येता आलं नाही, आज आले” असं सांगावं आणि विचारावं, कसं झालं? ती माणसं सांगतील. रुग्णवाहिकेचा नंबरसुद्धा त्यांना पाठ असेल. मधे थांबवू नये, “जाऊ द्या आता” म्हणू नये, घड्याळाकडे बघू नये. जिथे एकटं म्हातारं माणूस राहतं तिथे निमित्त नसतानाही जावं, आत जाऊन बसावं, गोळ्यांच्या डब्याकडे आणि फ्रिजकडे एक नजर टाकावी. आपल्या पोरांना बरोबर न्यावं. तुझ्या दिवसांत चार-पाच वर्षांची असलेली मुलं आता मोठी होताहेत. माणसांकडे असं जातात हे त्यांनी पाहिलेलंच नाही, आणि पाहिल्याशिवाय ते येत नाही.

टाळेबंदी, कदाचित पुन्हा कधी एखादी साथ येईल आणि तुलाही यावं लागेल. तेव्हा आम्ही घरात बसू. तू का येतेस ते आम्हाला समजलं आहे. पण त्या दिवशी आमची येणी-जाणी चालू असली पाहिजेत, म्हणजे कोणत्या दारात डबा ठेवायचा, कुणाच्या गोळ्या आणायच्या, कुणाला रोज फोन करायचा हे आम्हाला आधीपासून माहीत असेल. मागच्या खेपेला ज्या इमारतींत, ज्या वस्त्यांत ते माहीत होतं तिथली माणसं तरली. ती ओळख संकटाच्या रात्री चार तासांत करून घेता येत नाही. ती आत्ता, सगळं सुरळीत असतानाच करून ठेवावी लागते, आणि त्यासाठी उठून दुसऱ्याच्या घरी जावं लागतं.

कळावे,

डोंबिवलीची एक रहिवासी